चाळीस हजार आणि एक उजवा हात

पत्र

सप्रेम नमस्कार. मी हातकणंगले तालुक्यातल्या एका गावातून लिहिते आहे. माझे मिस्टर टर्नर आहेत, वय ४२. शिरोली एमआयडीसीत भाड्याच्या गाळ्यात त्यांची दोन लेथ मशिनं आहेत, बाहेरून जॉबवर्क घेतात. ९ डिसेंबरला रात्री साडेदहाच्या सुमारास मोटारसायकलवरून घरी येताना सांगली रस्त्यावर उसाचा ट्रॅक्टर बंद पडून रस्त्यातच उभा होता. मागच्या ट्रॉलीला ना दिवा, ना रिफ्लेक्टर. समोरून गाडीचा उजेड डोळ्यावर आला आणि हे ट्रॉलीवर आदळले. उजव्या मनगटाचा चुरा झाला, मांडीचं हाड मोडलं. मनगटात प्लेट आहे, मांडीत रॉड. बिल ३ लाख ४० हजार झालं. २ लाख मेडिक्लेममधून आले, बाकीचे माझे दागिने ठेवून भरले. दुसऱ्या दिवशी दिरांनी फिर्याद दिली, ती ट्रॅक्टरचालकावर नोंद आहे.

ट्रॅक्टरमालक आमच्या नात्यातले निघाले. चाळीस हजार रुपये आणि लिहून आणलेला स्टॅम्पपेपर घेऊन दोनदा येऊन गेले. "आपलीच माणसं, कोर्टकचेरी कशाला, मिटवून टाकूया," म्हणतात. सासरेही म्हणतात, घे आणि मोकळी हो. डॉक्टर तोंडी म्हणाले की अपंगत्व २२ ते २५ टक्के निघेल. एवढ्याशा टक्क्याला काय मिळणार? शिवाय यांच्या लायसन्सची मुदत संपलेली होती, हेल्मेटही नव्हतं. त्यामुळं दावा चालणारच नाही, असं एकजण सांगतो. मेडिक्लेम घेतला म्हणजे दवाखान्याचं बिल मागता येत नाही, असंही ऐकलं. वॉर्डात एक माणूस कोऱ्या वकीलपत्रावर सही घ्यायला आला होता, "आत्ता एक रुपया नको, मिळेल त्यातले तीस टक्के," म्हणत होता.

हे रोज गाळ्यावर जातात आणि बंद लेथसमोर बसून येतात. महिन्याला खर्च वजा जाता पंचवीस-तीस हजार सुटायचे. रिटर्न कधी भरलेला नाही. भजनी मंडळात पखवाज वाजवायचे, तेही गेलं. मी काय करू?

उत्तर

ताई, बाकी सगळं नंतर बोलू. आधी तारीख.

अपघात ९ डिसेंबरचा आणि तुमचं पत्र माझ्या हातात पडलं ते मेच्या दुसऱ्या आठवड्यात. मोटार वाहन कायद्यात २०१९ साली जी दुरुस्ती झाली, तिनं भरपाईचा अर्ज अपघातापासून सहा महिन्यांत करायची अट घातली. ही अट १ एप्रिल २०२२ पासून लागू आहे. या मुदतीला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिलेलं आहे, आणि तुम्हाला कुणीतरी नक्की सांगेल की "मुदतीचं काही खरं नाही, सवडीनं करू." त्या आशेवर बसू नका. दुसऱ्यांच्या खटल्याच्या निकालावर आपल्या घराचा दावा टांगून ठेवायचं काहीच कारण नाही. ९ जूनच्या आत अर्ज दाखल झाला पाहिजे. मी तुमच्या जागी असते तर मे संपायची वाट पाहिली नसती. न्यायालयाला उन्हाळी सुट्टी असते, त्यात शेवटच्या आठवड्यात धावपळ नको.

अपंगत्वाचा दाखला अजून मिळालेला नाही म्हणून थांबला असाल तर तेही नको. दाखला नंतर जोडता येतो. मनगटाची सुधारणा जिथं थांबेल तिथंच खरा टक्का कळतो, आणि त्याला अजून काही महिने लागतील. अर्ज मात्र आज करता येतो. भरपाईवर व्याज मिळतं आणि ते साधारणपणे अर्जाच्या तारखेपासून धरतात. म्हणजे उशीर झाला तर तिथंही तुमचंच नुकसान.

अर्ज मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाकडे करायचा. हे काम जिल्हा न्यायाधीशच पाहतात. जिथं अपघात झाला किंवा जिथं तुम्ही राहता, तिथं दावा लावता येतो, त्यामुळं जिल्ह्याबाहेर जायची गरज नाही. कसबा बावड्याच्या न्यायालयात की इचलकरंजीच्या, ते वकील सांगतील. अर्जदार तुमचे मिस्टर असतील, कारण जखमी ते आहेत. हात चालत नाही म्हणून तुम्ही त्यांच्या वतीनं धावपळ करू शकता, त्यासाठी त्यांनी तुम्हाला लेखी अधिकार द्यायचा.

आता तो स्टॅम्पपेपर.

तुमच्या पत्रात मला सगळ्यात जास्त जाणवलं ते हे, की तुम्हाला पैशाची चिंता आहेच, पण त्याहून मोठा घोर नात्याचा आहे. लग्नकार्यात समोरासमोर येणारी माणसं, त्यांना कोर्टात कसं खेचायचं? म्हणून एक गोष्ट नीट समजून घ्या. प्रत्येक वाहनाला तिसऱ्या माणसाच्या नुकसानीचा विमा काढणं कायद्यानं सक्तीचं आहे. ट्रॅक्टरचा तो विमा चालू असेल तर तुमची भरपाई विमा कंपनी देते, पाहुणे देत नाहीत. ज्या दिवसासाठी त्यांनी वर्षानुवर्षं हप्ता भरला, तो हाच दिवस. अर्जात मालकाचं आणि चालकाचं नाव घालावं लागतं, पण ते कायद्याची रीत म्हणून. हे सासऱ्यांनाही सांगा, आणि जमलं तर पाहुण्यांनाही सांगा.

एक बाजू मात्र तुमच्यापासून लपवत नाही. ट्रॅक्टरचा विमा शेतीकामाचा असेल आणि तो भाड्यानं कारखान्याचा ऊस ओढत असेल, चालकाकडं योग्य लायसन्स नसेल, किंवा ट्रॉल्यांची वेगळी नोंद वा विमा नसेल, तर कंपनी "अटींचा भंग झाला" म्हणून हात वर करते. अशा वेळी न्यायाधिकरण बऱ्याचदा कंपनीला सांगतं की जखमीला आधी तुम्ही पैसे द्या, मग मालकाकडून वसूल करा. पाहुणे चाळीस हजार घेऊन दोनदा का आले, त्याचं कारण कदाचित इथं असेल. त्यांची भीती मला कळते. पण त्या भीतीची किंमत तुमच्या मिस्टरांच्या उजव्या हातानं का चुकवायची? ट्रॅक्टरचा नंबर आणि दोन्ही ट्रॉल्यांचे नंबर असतील तर तेही घ्या आणि कागदपत्रांत विमा कुणाचा, कुठल्या तारखेपर्यंतचा, हे तपासा. एमपरिवहन ॲपवर नुसत्या नंबरवरूनही विमा चालू आहे का ते दिसतं.

स्टॅम्पपेपरवर सही करू नका. "आमची काही तक्रार नाही, सर्व भरपाई मिळाली," असलं वाक्य त्यात असणारच, आणि उद्या तोच कागद विमा कंपनीचा वकील न्यायाधीशांपुढं ठेवेल. पाहुण्यांना खरोखर मदत करायची असेल तर त्यांनी ती बँकेतून द्यावी आणि "औषधोपचारासाठी मदत" एवढंच लिहावं. तुम्हीही "मदत मिळाली" एवढीच पोच द्या. जो माणूस मदत द्यायला तयार आहे पण त्या कागदाशिवाय देत नाही, त्याला काय हवं आहे ते ओळखा.

मागून धडकलात म्हणजे चूक तुमची, असं विमा कंपनी म्हणणार हे नक्की. आपल्याकडं गळीत हंगाम सुरू झाला की रात्री-अपरात्री असल्या बिनदिव्याच्या ट्रॉल्या रस्त्यावर दिसतात. उसाचे शेंडे मागं हातभर बाहेर आलेले, खाली दिवा असलाच तर तो पाचटानं झाकलेला. कोल्हापूर-सांगली रस्त्यावर ज्यानं दुचाकी चालवली आहे त्याला हे सांगायला नको. वाहन रस्त्यात धोकादायक रीतीनं सोडून जाणं हा कायद्यानंच गुन्हा आहे. रस्त्यात कसलीही खूण न लावता उभ्या केलेल्या ट्रेलर-ट्रकवर मोटार आदळल्याच्या एका प्रकरणात खालच्या न्यायालयांनी मोटारचालकावरही निम्मा दोष टाकला होता. सर्वोच्च न्यायालयानं २०२४ साली तो काढून टाकला आणि दोष ट्रकवाल्यावर ठेवला. तुमच्या प्रकरणाला हा निकाल जवळचा आहे, वकिलांना आठवण करून द्या.

पण निकालाच्या आधी पुरावा लागतो, आणि तो तुमच्याकडं अर्धा तयार आहे. पोलीस ठाण्यातून फिर्यादीची आणि घटनास्थळाच्या पंचनाम्याची प्रत आणा आणि पंचनामा घरी बसून शब्द न् शब्द वाचा. ट्रॉली डांबरावर उभी होती की साइडपट्टीवर? रस्त्यावर दिव्याचा खांब होता का? मागं दगड, फांदी, काही खूण ठेवली होती का? मागच्या दिव्याबद्दल काय लिहिलंय? त्याचबरोबर मोटार वाहन निरीक्षकानं ट्रॅक्टर तपासल्याचा अहवाल मागा, दिवे आणि रिफ्लेक्टरची नोंद त्यात येते. त्या रात्री ज्यांनी यांना उचललं त्यांच्यापैकी कुणी मोबाइलवर फोटो काढले असतील तर ते मिळवा, पण ज्या फोनवर काढले तो फोन आणि मूळ फोटो तसेच राहू द्या. पुढं सरकवलेला फोटो न्यायालयात लंगडा पडतो. आणि एक लक्षात ठेवा, फौजदारी खटल्यात लागतो तसला संशयापलीकडचा पुरावा इथं लागत नाही. दोन्हीकडच्या गोष्टींत जास्त संभव कशाचा, एवढंच न्यायाधिकरण पाहतं.

तपासी अंमलदाराला आणखी एक विचारा. अपघाताचा सविस्तर अहवाल न्यायाधिकरणाकडे पाठवणं हे २०२२ च्या नियमांनी पोलिसांचं कामच आहे, आणि त्यासाठी नव्वद दिवसांची मुदत आहे. तो गेला का, कुठल्या तारखेला गेला? असा अहवाल गेला असेल तर न्यायाधिकरण त्यालाच भरपाईचा अर्ज मानू शकतं. गेला असला तरी स्वतःचा अर्ज कराच, कारण पोलिसांच्या अहवालात तुमच्या मिस्टरांचा पखवाज असणार नाही.

लायसन्सची मुदत संपलेली होती, हे खरं असेल तर खरंच सांगा. त्याचा दंड वेगळा. लायसन्स नव्हतं एवढ्यावरून अपघातात त्याचीही चूक होती असं धरता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं २००८ मध्येच सांगितलं आहे. अपघात कसा झाला ते महत्त्वाचं. हेल्मेटचं तसंच. डोक्याला मार असता तर त्यावर वाद झाला असता. हेल्मेट घातलं असतं म्हणून मनगट वाचलं नसतं. यापुढं मात्र घरातल्या कुणालाही हेल्मेटशिवाय बाहेर पडू देऊ नका, हे मी वकील म्हणून नव्हे, दोन मुलांची आई म्हणून सांगते.

आता तुम्ही ज्याला "एवढासा टक्का" म्हणता त्याबद्दल. इथं थोडं थांबून वाचा, कारण दाव्याची सगळी मेख इथं आहे आणि बहुतेक दावे इथंच उणे पडतात.

डॉक्टर देतात तो टक्का शरीराचा असतो. मनगट किती वळतं, पकड किती राहिली, हाड किती जुळलं, यावरून काढलेला. भरपाई मोजायची असते ती कमाई किती बुडाली यावरून. हे दोन आकडे एकच असतात असं नाही. सर्वोच्च न्यायालयानं २०१० च्या एका निकालात हे फार स्वच्छ मांडलं आहे. एकाच प्रकारे डावा हात गेलेली दोन माणसं घ्या. एक सरकारी कारकून, एक सुतार किंवा ड्रायव्हर. कारकुनाची नोकरी टिकू शकते, सुताराची कमाई जवळजवळ शंभर टक्के जाऊ शकते. म्हणून न्यायाधीशांनी आधी पाहायचं की हा माणूस काय काम करत होता, मग पाहायचं की या दुखापतीनंतर त्यातलं काय करता येतं आणि काय येत नाही.

आणि टर्नरचं काम कशानं होतं? फाउंड्रीतून आलेलं पाच-सात किलोचं ओबडधोबड कास्टिंग उचलून चकमध्ये, म्हणजे लेथच्या फिरत्या पकडीत, धरायचं, उजव्या हातानं चकची चावी घालून जीव लावून आवळायची, टूल बसवायचं, हँडल केसभर फिरवायचं, मशीन थांबवून मायक्रोमीटरनं माप घ्यायचं, पुन्हा केसभर. चक नीट आवळला गेला नाही तर फिरता जॉब उडून माणसाच्या छातीवर येतो. ज्याच्या मनगटाला जोर नाही त्यानं लेथवर उभं राहणं म्हणजे पुन्हा जिवाशी खेळ. या माणसाची कमाई पंचवीस टक्केच बुडाली असं कोण म्हणेल? पण हे सगळं कुणी सांगितलंच नाही, तर न्यायाधीशांपुढं फक्त दाखल्यावरचा आकडा येतो.

हिशेबच करून दाखवते, म्हणजे फरक कळेल. रिटर्न नाही, म्हणून न्यायाधिकरणानं हात राखून महिना २० हजारच धरले असं समजू. वर्षाचे २ लाख ४० हजार. स्वतःचा धंदा असलेल्या ४० ते ५० वयाच्या माणसाची पुढं होणारी कमाईची वाढ म्हणून त्यात २५ टक्के मिळवायचे, हा सर्वोच्च न्यायालयाचा २०१७ चा नियम आहे आणि तो जखमी माणसालाही लागू आहे हे २०२० मध्ये त्याच न्यायालयानं सांगितलं. झाले ३ लाख. वर्षाच्या कमाईला कितीनं गुणायचं तो आकडा, म्हणजे गुणक, वयावर ठरतो; ४१ ते ४५ वयाला २००९ पासून तो १४ ठरलेला आहे. ३ लाख गुणिले १४, म्हणजे ४२ लाख. आता कमाईची हानी २५ टक्के धरली तर साडेदहा लाख. ६० टक्के धरली तर २५ लाख २० हजार. तेच मनगट, तोच दाखला, आणि मध्ये १४ लाख ७० हजारांचं अंतर. ६० हा आकडा मी उदाहरणासाठी घेतला, तुमचा किती निघेल ते पुराव्यावर आहे. पण चाळीस हजारांशेजारी हे आकडे एकदा ठेवून बघा, आणि सासऱ्यांनाही दाखवा.

म्हणून एक करा. पुढच्या तपासणीला अस्थिरोगतज्ज्ञांकडे जाताना ती चकची चावी पिशवीत घालून न्या. गाळ्यावर कुणाकडून तरी लेथ चालवतानाचा दोन मिनिटांचा व्हिडिओ करून न्या. डॉक्टरांना विचारा, हे काम या हातानं पुन्हा होईल का? झालं तर किती वेळ? आणि त्यांचं मत केसपेपरवर लिहून मागा. सरकारी दाखल्यासाठी सीपीआरला, म्हणजे कोल्हापूरच्या सरकारी दवाखान्यात, जावं लागेल, पण ज्यांनी ऑपरेशन केलं त्या डॉक्टरांनी न्यायालयात येऊन सांगणं याला वजन असतं. ते वेळ देतील का, हे आत्ताच आपुलकीनं विचारून ठेवा.

कमाईचा पुरावा रिटर्नशिवायही उभा राहतो. जॉबवर्कची चलनं, ज्यांच्याकडून जॉब येत होते त्या कारखानदारांची पत्रं, बँकेच्या खात्यातल्या जमा रकमा, गाळ्याचा भाडेकरार, उद्यम नोंदणी असली तर ती. आणि गाळ्याचं लाइटबिल. हे कुणाला सुचत नाही. महावितरणच्या बिलावर मागच्या महिन्यांचे युनिट छापलेले असतात. नोव्हेंबरपर्यंतचे युनिट आणि जानेवारीनंतरचे युनिट शेजारी ठेवले की मशीन कधी थांबलं ते बिलच सांगतं. एखाद्या लेथवर पगारी माणूस ठेवला असेल तर त्याला दिलेल्या पैशाची पावती ठेवा. जे काम हे स्वतः करत होते त्यासाठी आता पदरचे पैसे जातात, हाही कमाई बुडाल्याचाच पुरावा आहे.

मेडिक्लेमचं तुम्ही ऐकलं ते चूक आहे. मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठानं मार्च २०२५ मध्ये सांगितलं की मेडिक्लेममधून मिळालेली रक्कम भरपाईतून वजा करायची नाही. तो विमा तुम्ही स्वतःच्या पैशानं काढला, त्याचा फायदा ट्रॅक्टरच्या विमा कंपनीनं का घ्यावा? पूर्ण ३ लाख ४० हजार मागा. त्याशिवाय अॅम्ब्युलन्स, फिजिओथेरपी, तपासणीला जायचं रिक्षा-गाडीभाडं, खुराक, प्लेट आणि रॉड काढायचं पुढचं ऑपरेशन. त्या ऑपरेशनचा अंदाजे खर्च दवाखान्याच्या लेटरहेडवर लिहून घ्या. बसून काढलेल्या महिन्यांची कमाई वेगळी.

बिलांबद्दल एक सांगते, कारण ते माझ्या मनाला लागून राहिलं आहे. वकिलीच्या सुरुवातीच्या वर्षांत एका बाईंनी औषधांच्या बिलांची अख्खी पिशवी मला आणून दिली. मी ती कपाटात ठेवली. वर्षा-दीड वर्षानं पुराव्याला काढली तर निम्मी बिलं कोरी. त्या गुळगुळीत कागदावरची छपाई उडून गेली होती. नवऱ्याच्या उशाशी बसून त्यांनी एकेक चिठ्ठी जपली होती आणि चूक माझी झाली. तेव्हापासून पहिल्या दिवशी झेरॉक्स, मग बाकीचं. तुम्ही आजच सगळ्या बिलांच्या झेरॉक्स काढा आणि मूळ बिलं प्लॅस्टिकच्या पिशवीत न ठेवता कागदी फायलीत ठेवा.

आणि ताई, तुम्ही स्वतःबद्दल एक ओळही लिहिलेली नाही. पाच महिने यांना उठवणं, अंघोळ घालणं, रात्रीचं कूस बदलून देणं कुणी केलं? बाहेरची बाई ठेवली असती तर महिन्याला काय द्यावं लागलं असतं? घरच्या माणसानं केलेली शुश्रूषाही न्यायालयं भरपाईत धरतात. संकोच न करता लिहा. तसाच पखवाज. वेदना आणि त्रास यांची भरपाई वेगळी, आणि जगण्यातला आनंद हिरावला त्याची वेगळी. अर्जात बहुतेक वेळा या रकान्यात ठरावीक दोन ओळी असतात. तुमच्यात लिहा, एकादशीला मंडळात कोण पखवाजाला बसायचं आणि आता कोण बसतं. मंडळाच्या एखाद्या म्हाताऱ्या टाळकऱ्यानं साक्षीत एवढं सांगितलं तरी पुरे.

एका ठिकाणी सावध राहा. कुणाची चूक हे न पाहता गंभीर दुखापतीला अडीच लाख रुपये मिळायची तरतूद कायद्यात आहे. ज्यांच्याकडं पुरावाच नाही त्यांना तिचा आधार आहे. पण ती रक्कम ठरलेल्या रीतीनं स्वीकारली की न्यायाधिकरणातला मोठा दावा संपतो. हातात पैसे पडतायत म्हणून घाईनं हो म्हणू नका.

कोऱ्या वकीलपत्रावर सही केली नाहीत हे फार चांगलं केलंत. मिळणाऱ्या रकमेत वाटा घेण्याचा करार करायला वकिलांच्या नियमांनी बंदी आहे. तीस टक्के मागणारा माणूस बऱ्याचदा वकीलही नसतो. वकील स्वतः जाऊन भेटून ठरवा, फी आकड्यात ठरवा, पावती घ्या. ते परवडत नसेल तर जिल्हा न्यायालयातच जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय आहे. उत्पन्नाच्या मर्यादेत बसलात किंवा दिव्यांग म्हणून, यांना मोफत वकील मिळू शकतो. त्या टेबलापुढं उभं राहण्यात कमीपणा नाही.

किती दिवस लागतील? कंपनी लढायला उभी राहिली तर काही वर्षं, हे आधीच सांगितलेलं बरं. राष्ट्रीय लोकअदालतीत असे दावे तडजोडीनं मिटतातही, पण तिथल्या निवाड्यावर अपील नसतं, म्हणून अपंगत्वाचा दाखला आणि डॉक्टरांचं मत हातात आल्याशिवाय आकड्याला मान डोलवू नका. अपिलाची वेळ आलीच तर आता मुंबई गाठायची नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच आपल्या कोल्हापुरातच बसतं. त्यासाठी इथल्या वकिलांनी आणि लोकांनी किती वर्षं रस्त्यावर काढली ते आठवलं की मला अजून भरून येतं.

शेवटचं, यांच्याबद्दल. बंद लेथसमोर बसून येणाऱ्या माणसाला "बरं होईल सगळं" म्हणून उपयोग नाही, पण दाव्यात एक काम असं आहे जे त्यांच्याशिवाय कुणाला जमणार नाही. दोनशे पानी वही आणा. त्यात त्यांनी लिहायचं: कुठला जॉब, कुणाचा, वजन किती, एका दिवसात किती नग निघायचे, त्यात उजव्या हाताचं काम कुठलं, आणि आता त्यातलं काय होतं, काय होत नाही. अपघाताची रात्रही त्यांनीच लिहायची, आठवेल तशी. वकिलाला यापेक्षा चांगला कागद कुणी देऊ शकत नाही. वेळ लागू दे. डाव्या हातानं वेडंवाकडं लिहिलं तरी चालेल, तुम्ही लिहून देऊ नका.